खुनी सगळ्यांना ठाऊक असतो

परवा नांदेडला वस्तीतल्या वाचनालयात आठ-दहा पोरं जमली. भिंतीवर चादर टांगली, उसना प्रोजेक्टर आणला आणि 'सफायर' हा १९५९ चा विलायती सिनेमा लावला. संपल्यावर लातूरहून आलेला एक दोस्त तावातावानं उठला. म्हणाला, "गोऱ्यांचे खुनाचे जुने सिनेमे आपण कामून बघायलोत? गावातले खून कमी पडले का?" दोघं-तिघं हसले. विषय तिथंच राहिला.

मी राहू देणार नाही. दोस्ता, तुझा राग खरा आहे, पण तो चुकीच्या दारावर जाऊन आदळला.

हे सिनेमे होते तरी काय? १९२७ साली ब्रिटिश सरकारनं कायदा केला, की थेटरात देशी सिनेमांचा ठराविक वाटा दाखवायलाच पाहिजे. झालं. अमेरिकन कंपन्यांनी कोटा भरण्यापुरता माल पाडून घेतला. दर ठरला फुटाला एक पौंड. तासाभराचा सिनेमा, दोन-चार खोल्या, एक प्रेत, एक इन्स्पेक्टर. पुढं १९६० पासून मर्टन पार्क स्टुडिओनं एडगर वॉलेसच्या नावावर असल्याच रहस्यपटांची माळ लावली. मोठ्या सिनेमाच्या जोडीला लावायचा स्वस्त माल.

आपल्याकडं हेच काम बाबूराव अर्नाळकरांच्या हजारावर रहस्यकथांनी केलं. झुंजार, काळापहाड, धनंजय. आपल्या बाप-काक्यांनीही त्या चोरून वाचल्या. पण विचार करा, रहस्यकथेत मरतो कोण? ज्याच्या घरात तिजोरी आहे, मृत्युपत्र आहे, तो. ज्याच्याकडं तिजोरी नाही त्याच्या प्रेताचं रहस्य होत नाही. त्याचा फक्त पंचनामा होतो. तोही झाला तर!

'सफायर' या साच्यातूनच निघाला, पण त्यानं साचा फोडला. हा सिनेमा त्या कोटा-मालापेक्षा जरा खर्चिक, रंगीत. दिग्दर्शक बॅसिल डिअर्डन. १९५८ ला लंडनच्या नॉटिंग हिलमध्ये काळ्या माणसांवर गोऱ्यांच्या झुंडी चालून गेल्या, त्याच्या पुढच्याच वर्षी हा आला. बागेत एका पोरीचं प्रेत सापडतं. गोरी दिसते, म्हणून सगळे हळहळतात. मग तिचा भाऊ येतो. तो काळा. एका क्षणात प्रेताची किंमत उतरते! तपासावरचाच एक इन्स्पेक्टर तोंड वाकडं करतो. पोरगी वर्ण लपवून गोऱ्यांत राहत होती. शेवटी खुनी निघते ती तिच्या होणाऱ्या नवऱ्याची सख्खी बहीण. ना हिरे, ना इस्टेट. निव्वळ द्वेष.

हे बघताना बाबूराव बागूल आठवले नाहीत तर आपण काय वाचलं? 'जेव्हा मी जात चोरली होती' १९६३ चं. तिथंही माणूस जात लपवून खोली घेतो, आणि जात उघडी पडल्यावर मार खातो. लंडन आणि आपला मुलूख, मध्ये चार वर्षं आणि एक समुद्र. जखम तीच. स्वस्त रहस्यपटाच्या साच्यात गोऱ्या माणसानं कबूल केलं, की द्वेष हाच हेतू असू शकतो. आपल्या कोर्टांना हे कबूल करायला केवढे कष्ट पडतात!

२९ सप्टेंबर २००६, खैरलांजी. भोतमांगे कुटुंबातली चार माणसं मारली. २००८ ला भंडाऱ्याच्या कोर्टानं आठ जणांना दोषी धरलं, पण ॲट्रॉसिटी कायदा लागू केला नाही. २०१० ला हायकोर्टानं फाशी उतरवली आणि सांगितलं, खून सूडापोटी झाले, जातीपोटी नाहीत. सूड कशाचा, तर साक्ष दिल्याचा. दलित बाईनं गावाविरुद्ध साक्ष दिली याचा राग कुठून येतो, हा प्रश्न वाऱ्यावर.

आता माझं भांडण त्या सिनेमांशीही आहे. त्यांचा सगळा खेळ एकाच प्रश्नावर: खून कुणी केला? शेवटच्या रिळापर्यंत खुनी लपलेला. मग इन्स्पेक्टर बोट दाखवतो, दिवे लागतात, पब्लिक घरी जातं. आपल्या गावात असलं काही नसतं. २७ जुलै १९७८ ला विधिमंडळानं विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा ठराव केला आणि मराठवाडा पेटला. ४ ऑगस्टला नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीत पोचीराम कांबळेंचा जमावानं जीव घेतला. जमावात कोण होतं हे काय गावाला कळत नव्हतं? इथं खुनी सगळ्यांना ठाऊक असतो. रहस्य एकच: साक्ष कोण देणार?

२०१४ ला नगर जिल्ह्यात खर्ड्याला नितीन आगे हे पोरगं मारलं. साक्षीदार उलटले. २०१७ ला आरोपी सुटले. बघा, प्रेत आहे, गाव आहे, खुनी नाही! हा सिनेमा कुणी काढला?

मराठीत 'सामना' निघाला, १९७५ ला बर्लिनच्या महोत्सवात गेला. मारुती कांबळे नावाचा माणूस गायब, आणि त्याचा शोध घेणारा दारूत बुडालेला म्हातारा मास्तर. सिनेमा दमदार, नाकारत नाही. पण दोस्तहो, मारुती कांबळेच्या वस्तीतलं कुणी तपास करतं का? आपलं प्रेत, आणि सद्सद्विवेक दुसऱ्याचा! हे किती दिवस?

म्हणून म्हणतो, हे सिनेमे बघा. टाइमपास म्हणून नव्हे, चोराच्या घरातली हत्यारं म्हणून. त्यातला इन्स्पेक्टर काय करतो? तारीख लिहितो. वेळ लिहितो. कोण कुठं उभं होतं ते लिहितो. कपड्याच्या एका तुकड्यामागं दुकान-दुकान हिंडतो. आपण काय करतो? मोर्चा काढतो, निवेदन देतो, फोटो काढतो, घरी येतो. मोर्चा पाहिजेच. पण मोर्चा संपल्यावर त्या फिर्यादीची नक्कल कुणाच्या खिशात आहे?

ॲट्रॉसिटी कायद्याच्या नियम ७ प्रमाणं तपास उपअधीक्षकाच्या खालच्या अधिकाऱ्यानं करायचा नसतो. कलम १५-अ साक्षीदाराला संरक्षण देतं, प्रवासखर्च देतं, कामकाजाचं चित्रीकरण करायला सांगतं. आपल्यातल्या किती जणांना हे पाठ आहे? हात वर करा!

लातूरच्या दोस्ता, तू विचारलंस, गावातले खून कमी पडले का. नाही पडले. म्हणूनच पुढच्या खेपेला चादर टांगू तेव्हा वही आण. आपल्या खुनाचा तपास गोरा साहेब करणार नाही, दारूडा मास्तर करणार नाही. साक्षीदाराच्या शेजारी कोर्टाच्या बाकड्यावर जो तारखेमागून तारीख बसेल, तोच आपला इन्स्पेक्टर.

बसणार का बोल.

जय भीम.