जुगुप्सेच्या पलीकडचे भय

साहित्यशास्त्राच्या अभ्यासात आपण भयानक आणि बीभत्स हे रस स्वतंत्रपणे पाहतो. भयानकाचा स्थायिभाव भय, तर बीभत्साचा जुगुप्सा. मात्र भयानकाची उत्पत्ती बीभत्सापासून होते, असे भरतमुनींनी नाट्यशास्त्रात म्हटले आहे. हे कसे घडते, याचे एक बोलके उदाहरण म्हणजे डेव्हिड क्रोननबर्ग या कॅनेडियन दिग्दर्शकाचा ‘शिव्हर्स’ (१९७५) हा भयपट.

त्यातील एमिल हॉब्स हा संशोधक परजीवींवर प्रयोग करीत असतो. निकामी अवयवाचे काम शरीरात सोडलेल्या परजीवीने करावे, या उद्देशासाठी त्याने अनुदान मिळविलेले असते. त्याचा खरा हेतू मात्र निराळा असतो. माणूस अतिविचारी झाला आहे, अशा समजुतीने तो वासना चेतवणारा आणि संसर्गाने पसरणारा जीव निर्माण करतो व एका तरुणीच्या शरीरात सोडतो. पुढे तो तिला ठार मारून आत्महत्या करतो. परंतु तोवर मॉन्ट्रियलमधील त्या आलिशान निवासी इमारतीत लागण पोहोचलेली असते.

पडद्यावरचे वळवळणारे जीव पाहून किळस येते आणि ओसरतेही. मागे उरते ते भय. सुशिक्षित संशोधक, कल्याणकारी भासणारे उद्दिष्ट आणि हाती आलेला पैसा हे सारे आहे. पण ‘हे कोणाच्या संमतीने?’ असे विचारणारा कोणीही नाही. रहिवाशांना तर आपण एखाद्या प्रयोगाचा भाग झालो आहोत, याची कल्पनाही नाही.

असा चित्रपट विज्ञानविरोधी आहे, असा आक्षेप घेतला जाईल. तो मला मान्य नाही. शस्त्रक्रियेनंतर साचलेले रक्त काढण्यासाठी आजही जळवा लावतात. डुकराच्या आतड्यातील एका कृमीची अंडी आतड्याच्या दाहावर रुग्णांना देऊन पाहण्यात आली, तीही त्यांच्या संमतीने. तेव्हा दोष परजीवीचा नाही आणि प्रयोगाचाही नाही. दोष लपवाछपवीचा आहे. मानवी प्रयोगांसाठी नीतितत्त्वे सांगणारा हेलसिंकी जाहीरनामा १९६४चा. त्यात प्रयोगाचा आराखडा स्वतंत्र समितीपुढे ठेवण्याची अट आली ती १९७५ मध्ये, म्हणजे या चित्रपटाच्याच वर्षी. हॉब्सपुढे नेमकी अशी समिती नव्हती.

या चित्रपटाला कॅनडात सरकारी अर्थसाहाय्य मिळाले होते. समीक्षक रॉबर्ट फुलफोर्ड यांनी टोपणनावाने त्यावर कडाडून टीका केली आणि हा खर्च जनतेच्या पैशातून झाल्याची आठवण वाचकांना करून दिली. वाद संसदेपर्यंत गेला. माझ्या मते, जनतेच्या पैशाचा हिशेब मागणे रास्तच होते. मात्र किळसवाणे ते निरुपयोगी, हा निष्कर्ष उतावळा होता. पैसा कोणाचा आणि तो कशासाठी खर्च होतो, हाच प्रश्न हॉब्सला वेळीच विचारला गेला असता, तर हे कथानक घडलेच नसते.