कल्पनेतल्या माणसांचा रंग पुसू नका

गॉन्ट बेटावर हल्लेखोर चालून येतात आणि डोंगरातलं एक खेडं जीव मुठीत धरून बसतं. काशाची अवजारं घडवणाऱ्याचा बारा वर्षांचा मुलगा शिकलेले चार मंत्र पणाला लावून सगळ्या गावावर धुकं पसरवतो आणि गाव वाचतं. उर्सुला ले ग्वीन यांच्या ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ या १९६८च्या कादंबरीची ही सुरुवात. हल्लेखोर गोरे आणि पिवळ्या केसांचे आहेत. गाव वाचवणारा, पुढे गेड या नावाने थोर जादूगार होणारा हा मुलगा तांबूस-तपकिरी वर्णाचा आहे. त्याचा जिवलग मित्र व्हेच तर काळाभोर आहे.

हे सगळं ले ग्वीन यांनी जाणूनबुजून केलं होतं. इंग्रजी अद्भुतकथांचा नायक त्या काळी गोराच असायचा. तसं कुणी ठरवून लिहीत नसे, ते गृहीतच असे. ले ग्वीन यांनी ते गृहीतक मोडलं, पण गाजावाजा न करता. गेडचा वर्ण पहिल्याच पानावर त्या सांगत नाहीत. वाचक त्या पोरात पुरता गुंतला, की मग कळतं.

अर्थसी हा शेकडो बेटांचा द्वीपसमूह. गॉन्ट, जादूगारांच्या विद्यापीठाचं रोक, मधोमध पसरलेलं हॅवनॉर, पूर्वेकडची गोऱ्या कार्गांची बेटं आणि पार पश्चिमेच्या टोकाचं सेलिडॉर. लेखिकेने आधी नकाशा काढला आणि मग त्या बेटांवर माणसं वसवली. ती माणसं शेळ्या राखतात, होड्या बांधतात, बाजारहाट करतात. उन्हाळ्यातल्या सर्वांत लहान रात्री बेटाबेटांवर एकाच वेळी नाच सुरू होतो. जमिनीवर पाय न ठेवता खुल्या समुद्रात तराफ्यांवर जगणारे लोकही ती रात्र नाचून काढतात.

ही नजर घरातूनच आलेली होती. वडील आल्फ्रेड क्रोबर अमेरिकेतले नामवंत मानववंशशास्त्रज्ञ. आई थिओडोरा यांनी कॅलिफोर्नियातल्या याही जमातीतल्या इशी या माणसाचं चरित्र लिहिलं. आपल्या लोकांपैकी तो एकटाच उरला होता. एखादा समाज नकाशावरून कसा पुसला जातो, याची हकिकत या घरात लिहिली गेली. म्हणूनच ले ग्वीन यांच्या बेटांवरच्या माणसांचा वर्ण हा केवळ वर्णनातला तपशील राहत नाही. कोण लुटायला येतं आणि कोण घर राखतं, याची नेहमीची मांडणी त्यांनी तिथे उलटी केली आहे.

आणि नेमकं तेच पुढे पुसलं गेलं. पहिल्या आवृत्तीच्या मुखपृष्ठावर रूथ रॉबिन्स यांनी गेडचा चेहरा तांबूस-तपकिरीच रंगवला होता. त्यानंतरच्या कितीतरी मुखपृष्ठांवर मात्र तो गोरा झाला. २००४मध्ये अमेरिकेतल्या साय-फाय वाहिनीने मालिका केली, तेव्हा गेडची भूमिका गोऱ्या नटाला दिली आणि जवळजवळ सगळा द्वीपसमूहच गोरा करून टाकला. करारात ले ग्वीन यांचं नाव सल्लागार म्हणून होतं, पण सल्ला कुणी घेतला नाही. प्रक्षेपणानंतर त्यांनी ‘स्लेट’ नियतकालिकात लेख लिहून जाहीर निषेध नोंदवला. ‘या प्रकारच्या साहित्यात आम्हाला सामावून घेणारी पुस्तकं हीच’, असं गौरेतर वाचकांनी आपल्याला सांगितल्याचंही त्यांनी त्यात लिहिलं.

यावर एक उत्तर हमखास मिळतं: बेटं खोटी, माणसं खोटी, मग रंगाचा एवढा आग्रह कशाला? हा युक्तिवाद टिकत नाही. कल्पित माणसाचा रंग कसाही चालणार असेल, तर तो दर वेळी गोऱ्याच्याच बाजूने का बदलतो? कल्पनेच्या मुलखात तरी आपल्यासारखं कुणीतरी शूर, शहाणं, चुकणारं आणि सावरणारं दिसावं, ही वाचणाऱ्या मुलाची भूक खरी आहे. तो चेहरा पुसला, की त्या मुलाच्या तोंडचा घास काढला जातो.

रूपांतरकाराला काहीच बदलता येऊ नये, असं इथे म्हणणं नाही. २००६मध्ये स्टुडिओ जिब्लीच्या गोरो मियाझाकी यांनी अर्थसीवर चित्रपट काढला. त्याची कथा पुस्तकांपासून बरीच दूर गेली होती. ले ग्वीन यांना त्यातलं बरंच काही पटलं नाही, तरीही तो चित्रपट मियाझाकींचा आहे, हे त्यांनी मान्य केलं. प्रसंग बदलणं वेगळं आणि अख्ख्या समाजाची ओळख पुसणं वेगळं.

अर्थसीत खरोखर बदल हवा होता तो दुसरीकडे, आणि तो लेखिकेने स्वतःच केला. पहिल्या तीन कादंबऱ्यांत रोकच्या विद्यापीठात फक्त पुरुष शिकतात. गावातल्या चेटकिणींच्या विद्येला किंमत नाही. तिसऱ्या कादंबरीनंतर अठरा वर्षांनी, १९९०मध्ये, ‘तेहानू’ आली. तिच्या केंद्रस्थानी शेतावर राहणारी तेनार ही प्रौढ विधवा आणि तिने सांभाळलेली, आगीत होरपळवलेली एक मुलगी आहे. थोर जादूगार गेड आता सगळं सामर्थ्य गमावून बसलेला. २००१च्या कथासंग्रहात तर रोकचं विद्यापीठ उभारणाऱ्यांत बायकाही होत्या आणि पुढे त्यांनाच दाराबाहेर ठेवलं गेलं, हे उघड होतं. आपल्याच जगात कुणावर अन्याय झाला, हे ले ग्वीन यांनी शोधलं आणि ते नव्या पुस्तकांतून सांगितलं. जुनी पानं पुसली नाहीत.

चित्रकाराने काय करावं, याचा धडाही अर्थसीतच सापडतो. सगळ्या कथा एकत्र करणाऱ्या सचित्र आवृत्तीसाठी चार्ल्स व्हेस यांनी वर्षानुवर्षं ले ग्वीन यांना रेखाटनं पाठवली, त्यांचं म्हणणं ऐकलं आणि चित्रं पुन्हा काढली. जानेवारी २०१८मध्ये ले ग्वीन गेल्या आणि त्याच वर्षी ते पुस्तक आलं. अद्भुतकथा छापणाऱ्या, पडद्यावर आणणाऱ्या प्रत्येकाने, मराठी बालपुस्तकांच्या प्रकाशकांनीही, एवढी किमान शिस्त पाळावी: मुखपृष्ठ काढण्याआधी चित्रकाराच्या हाती संपूर्ण पुस्तक द्यावं, लेखकाने लिहिलेला वर्ण करारात नोंदवावा आणि तो बदलायचाच असेल, तर का बदलला हे वाचकांना स्वतःचं नाव घालून सांगावं.