अटकेची वेळ पोलिसांच्या लेखणीने ठरत नाही

मा. संपादक,


‘संशयिताला सोमवारी रात्री नऊला ताब्यात घेतले, मंगळवारी सायंकाळी अटक केली, बुधवारी दुपारी न्यायालयात हजर केले.’ अशा धाटणीच्या बातम्या आपण नेहमी वाचतो आणि पान उलटतो. हिशेब मात्र कुणी करत नाही. सोमवारी रात्री नऊ ते बुधवारी दुपारी बारा म्हणजे ३९ तास. राज्यघटनेच्या कलम २२(२) नुसार अटकेपासून २४ तासांच्या आत माणूस न्यायदंडाधिकाऱ्यासमोर उभा राहिला पाहिजे. त्यातून वजा होतो तो फक्त प्रवासाला लागणारा वेळ. आमच्या राजूरहून भोकरदनचे न्यायालय तासाभराच्या वाटेवर आहे, त्यामुळे ती सबब इथे चालण्यासारखी नाही.

सबब असते ती वेगळीच. ‘ताब्यात घेतले होते, अटक नव्हती.’ चतुर्थीच्या गर्दीत पाकीटमारीच्या संशयावरून एखादा पोरगा पकडला जातो. मोबाईल काढून घेतात, बाकड्यावर बसवतात, ‘साहेब येईपर्यंत हलायचं नाही’ म्हणून दरडावतात. आई डबा घेऊन दाराशी उभी असते. तिला सांगतात, ‘अटक नाही, नुसती चौकशी आहे.’ मग पोरगा उठून घरी जाऊ शकतो का? नसेल, तर ती अटकच आहे. मुंबई उच्च न्यायालयाने १९९० मध्येच सीमाशुल्क खात्याच्या एका प्रकरणात हे निःसंदिग्धपणे सांगितले आहे: माणसाच्या स्वातंत्र्यावर बंधन आले त्या क्षणी अटक सुरू होते, अधिकाऱ्याने कागदावर लिहिलेल्या वेळेपासून नव्हे. पस्तीस वर्षे उलटली तरी ठाण्यातला हिशेब स्टेशन डायरीतल्या नोंदीपासूनच चालतो, याची मला चीड येते.

२४ तासांचा नियम इंग्रजांच्या फौजदारी प्रक्रिया संहितेतही होताच. तरीही १५ सप्टेंबर १९४९ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घटना समितीत १५-अ हे नवे कलम मांडले, कारण साधा कायदा कोणतेही विधिमंडळ बदलू शकते. तेच पुढे कलम २२ झाले. इतक्या विचाराने घटनेत बसवलेली हमी ठाणे अंमलदाराने नोंद उशिरा केल्याने निकामी व्हावी, हे कसे सहन करायचे?

पोलिसांची बाजू मला ठाऊक आहे. माणसे कमी, बंदोबस्त फार, तपासाला वेळ लागतो. पण कायद्याने तो वेळ दिलेलाच आहे. कारणे दाखवून दंडाधिकाऱ्याकडून पोलीस कोठडी मागता येते. अटकेची गरज नसेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५ खाली नोटीस देऊन बोलावता येते. आणि कलम ५८ नुसार हद्दीचा दंडाधिकारी नसला तरी जवळच्या दुसऱ्या दंडाधिकाऱ्यापुढे नेता येते. नोंदीआधीचे ते बेहिशेबी तासच धोक्याचे असतात. मारहाण होते ती त्याच वेळात, कबुल्या घेतल्या जातात त्याही तेव्हाच. वकील नाही, वैद्यकीय तपासणी नाही, घरच्यांना कळवल्याची नोंद नाही.

खरी वेळ शोधणे अवघडही नाही. ठाण्याच्या प्रत्येक प्रवेशद्वारावर सीसीटीव्ही हवा आणि चित्रीकरण किमान वर्षभर जपून ठेवावे, असा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०२० चा आदेश आहे. पहिल्या रिमांडच्या वेळी दंडाधिकाऱ्यांनी आरोपीला थेट विचारावे, ‘तुला कुठून आणि किती वाजता आणले?’ उत्तर अटक पंचनाम्याशी जुळले नाही तर फाटकावरचे चित्रीकरण मागवावे. जालन्याच्या पोलीस अधीक्षकांनीही ठाण्यात पाऊल पडल्याची वेळ पंचनाम्यात लिहिणे सक्तीचे करावे. आपल्या वार्ताहरांनी ‘ताब्यात’ आणि ‘अटक’ या दोन्हींच्या वेळा विचारून छापाव्यात, ही आपल्याला विनंती.

वाचकांनाही एक सांगणे आहे. घरच्या माणसाला पोलिसांनी नेले तर ती वेळ लगेच लिहून ठेवा आणि जिल्हा पोलीस नियंत्रण कक्षाला लेखी कळवा. वकील परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाच्या १५१०० या क्रमांकावर फोन करा, तो मोफत आहे.

आपला,
एक वाचक
राजूर, ता. भोकरदन, जि. जालना