आर्यनला गाडी लावताना

परवा भाचीला घेऊन मंडईत गेलो होतो. गाडी आर्यनला लावली. जिना उतरताना ती म्हणाली, "मामा, हे पार्किंग शाहरुखच्या मुलाच्या नावाचं आहे का?" आधी हसू आलं, मग जरा लाज वाटली. पोरीची काय चूक? तिला कळावं असं तिथे काही लिहिलेलंच नाही.

म्हणून आधी तेच सांगतो. या जागेवर आर्यन नावाचं चित्रपटगृह होतं. गंगाधरपंत पाठकांनी ते 1915 मध्ये सुरू केलं. बाबूराव पेंटरांचा 'सैरंध्री' 7 फेब्रुवारी 1920 ला पहिल्यांदा इथेच लागला. लोकमान्यांनी तो पाहिला आणि पेंटरांना 'सिनेमा केसरी' म्हटलं. जवळचं मिनर्वा, तेही थिएटरच. आता दोन्हीकडे पार्किंग आहे. नावं तरी राहिली म्हणायची.

तिथून आम्ही चालत लक्ष्मी रोडला, पूना गेस्ट हाउसला गेलो. थालीपीठ मागवलं. आणि मला वाटलं, ही तर आणखी मोठी गंमत आहे. या हॉटेलात खाऊन गेलेले पुणेकर हजारोंनी असतील. पण ते 1935 मध्ये ज्यांनी सुरू केलं ते नानासाहेब सरपोतदार मूकपटांच्या काळातले मोठे दिग्दर्शक होते, हे त्यातल्या किती जणांना माहीत असेल? मलाही वयाच्या चाळिशीपर्यंत नव्हतं. चारुकाका सरपोतदारांचं नाव ऐकलेलं, नाटकवाल्यांचं हक्काचं ठिकाण म्हणून हॉटेल माहीत. त्याच्या मागे एक आख्खी फिल्म कंपनी आहे, हे कुणी बोललंच नाही.

सिनेमातलं पुणं म्हटलं की आपण थेट प्रभातपासून सुरुवात करतो. प्रभात कोल्हापूरहून पुण्यात आली 1933 ला. त्याआधी जणू इथे मोकळं रान होतं! तसं नव्हतं. नारायण दामोदर सरपोतदार, जन्म 1896 चा, मूळचे रत्नागिरीकडचे. कोल्हापूरला पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत त्यांची उमेदवारी झाली. मग पुण्याला येऊन डेक्कन पिक्चर्स, युनायटेड पिक्चर्स सिंडिकेट, आर्यन फिल्म कंपनी अशा एकामागून एक संस्थांमधून त्यांनी मूकपट काढले. एक बंद पडली की दुसरी. या नावांची यादी पाहिली तरी धंदा किती अडचणीचा होता ते कळतं. ऐतिहासिक चित्रपट त्यांनी बरेच केले, कारण ते चालत. पण मला थांबवतो तो एकच, 'महाराची पोर'. साल 1925.

हे साल नीट पाहा. महाडचा चवदार तळ्याचा सत्याग्रह मार्च 1927 चा. आपल्या पर्वतीचा मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह 1929 चा, आणि तिथे सत्याग्रहींना दगड खावे लागले. त्याच्याही आधी याच पुण्यातला एक ब्राह्मण दिग्दर्शक अस्पृश्यतेवर चित्रपट काढतो आणि नावातच ते स्पष्ट लिहितो. पेंटरांचा 'सावकारी पाश' याच सालचा. त्याचं कौतुक आपण भरपूर करतो, आणि करायलाच हवं. 'महाराची पोर' मात्र चित्रपट अभ्यासकांच्या पुस्तकांबाहेर कुठे भेटत नाही.

आणि आता पाहायलाही मिळणार नाही. तो उपलब्ध नाही. त्यात त्या मुलीला स्वतःचं काही म्हणणं होतं की ती फक्त दयेचा विषय होती, त्या काळच्या सुधारकी मनाची मर्यादा त्यात कुठे दिसते, यावर आज जोरदार वाद झाला असता. सवर्णांनी केलेलं दलितांचं चित्रण हा विषय शंभर वर्षांनीही संपलेला नाही. पण वाद घालायला समोर फिल्म तर हवी!

आपल्या देशात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. त्यातले उरलेत जेमतेम तीसेक, तेही बरेचसे तुकड्यांत. दोष सगळा काळाला देऊ नका. मूकपटाच्या प्रती मोजक्या निघत, त्याच गावोगाव फिरून झिजत. फिल्म नायट्रेटची, ठिणगी पडली की संपली. मार्च 1931 ला 'आलम आरा' आला आणि मूकपटांना कुणी विचारेना. मग डबेच्या डबे भंगारात गेले, कारण फिल्म धुवून तिच्यातली चांदी काढता यायची. म्हणजे आपल्या आजोबांच्या काळचा सिनेमा आपण वजनावर विकला. आणि जे वाचलं होतं त्यातलंही बरंच जानेवारी 2003 मध्ये इथेच, फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात नायट्रेटच्या कोठारांना लागलेल्या आगीत गेलं.

सरपोतदारांचा हातगुण बघायचा असेल तर एका चेहऱ्यात बघा. येवल्याकडची अंबू सगुण नावाची लहान मुलगी पुण्यात आर्यन फिल्म कंपनीत आली आणि 1928 च्या 'राजा हरिश्चंद्र'मधून पडद्यावर उभी राहिली. पुढे ती ललिता पवार झाली. रामायणातली मंथरा आठवते ना? तिची पायवाट या कंपनीच्या दारातून गेली आहे.

बोलपट आल्यावर ध्वनियंत्रणेचा खर्च छोट्या कंपन्यांना झेपेना. सरपोतदारांनी बोलपटही केले, पण जम बसला तो राहण्या-जेवणाच्या धंद्यात. 1940 ला गेले, वय चव्वेचाळीस. दिग्दर्शकानं खाणावळ काढली याची काही जण कीव करतात. मला त्यात कमीपणा दिसत नाही. परगावच्या नटाला रात्री अकराला गरम जेवण मिळणं म्हणजे काय, ते ज्यानं दौरे केलेत त्याला विचारा. तक्रार इतकीच की आपण थालीपीठ लक्षात ठेवलं आणि सिनेमा विसरलो.

"मग काय, एक पाटी लावायची?" असं कुणीतरी म्हणेलच. हो, लावा की! महापालिकेनं थोरामोठ्यांच्या घरांवर निळ्या पाट्या लावल्यात, तशी एक आर्यन पार्किंगला लावायला किती खर्च येतो? पण पाटीवर माझं समाधान नाही. फिल्म गेली तरी कागद उरलेला आहे. 'केसरी', 'ज्ञानप्रकाश'च्या जुन्या अंकांतल्या जाहिराती आहेत. 1927-28 च्या सरकारी सिनेमा चौकशी समितीच्या साक्षींचे खंड आहेत. कोणत्या आठवड्यात कुठे काय लागलं, तिकीट किती, हे सगळं त्यातून जुळवता येईल. लॉ कॉलेज रोडला राष्ट्रीय फिल्म अर्काइव्ह आहे, शहरात विद्यापीठ आहे, फिल्म इन्स्टिट्यूट आहे. दोन विद्यार्थ्यांना वर्षभराची शिष्यवृत्ती देऊन पुण्याच्या मूकपटांची साधी यादी करता येत नाही? दरवर्षी चित्रपट महोत्सवात जगभरचे सिनेमे दाखवतो आपण. त्याच मांडवात एक भिंत या लोकांसाठी ठेवा.

आता माझं पाप. आमच्या आजीच्या फडताळात खाली जुने कागद अंथरलेले असायचे. त्यात सिनेमाची हस्तपत्रकंही होती, जांभळ्या नाहीतर हिरव्या शाईत छापलेली, खाली कथेचा सारांश. वाडा पाडायला निघाला तेव्हा, 1994 ला, मीच ती रद्दीत घातली. आठ आणे किलोनं गेली असतील. त्यात नानासाहेबांच्या चित्रपटाचं एखादं होतं का, हे आता आयुष्यभर डोक्यात राहणार.

तुमच्याकडे अजून पत्र्याची ट्रंक असेल, माळ्यावर, जिन्याखाली, शनिवारात, सदाशिवात, कुठेही, तर रद्दीवाल्याला बोलावण्याआधी मला एक फोटो पाठवा. मी रविवारी येऊन बघतो. चहा नाही दिलात तरी चालेल.