गाणे आणि गाणारा

गाण्याविषयीचे पुस्तक हाती घेतले की एक शंका मनात येते. गाणे ही कानांनी ऐकायची गोष्ट. ती डोळ्यांनी वाचून काय मिळणार? पुस्तकाच्या पानातून सूर ऐकू येत नाही. शिवाय आज हवे ते गाणे हवे तेव्हा मोबाइलवर ऐकता येते. मग गायकांची चरित्रे आणि गाण्यांचे संग्रह वाचायचे कशासाठी? माझ्या मते अशा पुस्तकांची गरज आजही तितकीच आहे. मात्र पुस्तकाने गाण्याबरोबर ते गाणाऱ्या माणसालाही जपले पाहिजे. तसे झाले नाही तर ते पुस्तक अपुरे आहे, असे मी म्हणेन.

उस्ताद अल्लादियाखाँ (१८५५–१९४६) यांचे उदाहरण घेऊ. राजस्थानातून आलेले हे गवई कोल्हापूर दरबारी राहिले आणि जयपूर-अत्रौली घराण्याची गायकी त्यांनी घडवली. केसरबाई केरकर, मोगूबाई कुर्डीकर यांच्यासारख्या थोर गायिका त्यांच्या शिष्या. परंतु खुद्द खाँसाहेबांच्या गाण्याची ध्वनिमुद्रिका नाही. त्यांचा आवाज त्यांच्याबरोबर गेला. मग त्यांच्याविषयी आपल्याला कळते ते कशातून? शिष्यांच्या गाण्यातून, आणि पुस्तकांतून. नातू अझीझुद्दीनखाँ यांना त्यांनी सांगितलेल्या आठवणी लिहून ठेवल्या गेल्या. गोविंदराव टेंबे यांनी मराठीत त्यांचे चरित्र लिहिले. ऐन उमेदीत खाँसाहेबांचा आवाज बिघडला आणि तो पूर्वीसारखा परत आला नाही. तेव्हा त्यांनी खचून न जाता, आहे त्या आवाजाला शोभेल अशी नवी गायकी मेहनतीने उभी केली. ज्या गायकीची वाहवा झाली, तिच्या मुळाशी एवढे मोठे दुःख आणि एवढे कष्ट होते, ही गोष्ट कोणतीही तान आपल्याला सांगू शकत नाही. ती शब्दांनीच सांगावी लागते.

दरबारात गाणाऱ्या उस्तादांचे चरित्र कोणीतरी लिहिलेच असते, असे म्हणता येईल. पण शेतात राबणाऱ्या, अक्षरओळख नसलेल्या स्त्रीचे काय? खानदेशातील बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांना लिहिता-वाचता येत नव्हते. घरकाम करताना, शेतात खपताना त्या आपल्या बोलीत गाणी रचत आणि गात. त्यांचे पुत्र, कवी सोपानदेव चौधरी आणि एक आप्त यांनी त्यांतील काही गाणी टिपून ठेवली. बहिणाबाईंच्या निधनानंतर ती आचार्य अत्रे यांच्या पाहण्यात आली आणि १९५२ मध्ये ‘बहिणाबाईंची गाणी’ हे पुस्तक प्रसिद्ध झाले. आज त्यांचे नाव मराठी कवितेत मानाने घेतले जाते आणि जळगावच्या विद्यापीठालाही ते दिलेले आहे. ती वही नसती तर? ही प्रतिभा आपल्या घरापुरती राहून विरून गेली असती. जेवढे टिपले गेले, तेवढेच आपल्या वाट्याला आले.

बहिणाबाई एकट्या नव्हत्या. महाराष्ट्रातील गावोगावच्या स्त्रिया पहाटे जात्यावर बसून ओव्या गात असत. दोघी समोरासमोर बसत, दळण ओढत आणि एकीच्या ओवीला दुसरी ओवी जोडत. जात्याच्या घरघरीत श्रम हलके होत, पण संगीताचे सामर्थ्य तेवढेच नव्हते. जे वडीलधाऱ्यांसमोर बोलता येत नसे, ते ओवीत बोलता येई. माहेरची ओढ, सासरचा जाच, भावाची माया, विठ्ठलावरची श्रद्धा, सीतेचे दुःख आणि पुढे बाबासाहेब आंबेडकरांविषयीची कृतज्ञता, हे सारे ओवीत आले. जिला घरात शब्द नव्हता, तिला जात्याने शब्द दिला.

पुढे पिठाच्या गिरण्या आल्या आणि जाती थांबली. त्याने बायकांचे कष्ट वाचले, ही चांगलीच गोष्ट झाली. त्याबरोबर ओव्याही मागे पडू लागल्या. पुण्यातील हेमा राईरकर आणि गी प्वातवँ यांनी सहकाऱ्यांसह गावोगाव जाऊन एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. त्यांतील अनेकींचे ध्वनिमुद्रणही झाले. या कामातील मला सर्वांत मोलाची वाटणारी गोष्ट अशी की, ओवीबरोबर ती गाणाऱ्या स्त्रीचे नाव आणि तिचे गावही नोंदले गेले. ‘लोकगीत’ म्हटले की ते कोणाचेच नाही, असे आपण सहज धरून चालतो. वास्तविक ते कोणाच्या तरी कंठातून आलेले असते. ज्या स्त्रीचे नाव घराबाहेर क्वचितच कोणी घेतले, तिचे नाव तिच्या ओवीशेजारी लिहिणे हा न्यायाचा भाग आहे.

यावर एक आक्षेप घेतला जातो. गाणे कागदावर उतरवले की ते निर्जीव होते, असे जाणकार म्हणतात. पंडित विष्णू नारायण भातखंडे (१८६०–१९३६) यांनी देशभर हिंडून उस्तादांकडून बंदिशी मिळवल्या आणि स्वरलिपीत लिहून छापल्या, तेव्हाही हा वाद झाला. आक्षेपात तथ्य आहे. स्वराची थरथर, गळ्याची हरकत, श्वासाचा ठहराव कागदावर येत नाही. स्वरलिपी वाचून कोणी गवई होत नाही. त्याला गुरूच लागतो. परंतु तोंडी विद्येलाही मर्यादा आहेत. ज्याला शिष्य मिळाला नाही, त्याची विद्या त्याच्याबरोबर जाते. आणि घराण्याची दारे ज्यांना बंद होती, त्यांना ती विद्या मिळतच नसे. भातखंडे यांच्या पुस्तकांनी ती दारे थोडी उघडली. पुस्तक गाण्याची जागा घेत नाही, पण ते गाण्याकडे जाणारी वाट दाखवते. त्यासाठीच ते वाचावे, आणि वाचून झाल्यावर गाणे अवश्य ऐकावे.

आता प्रश्न उरतो तो आपला. प्रसिद्ध गायकांची पुस्तके लिहिली जातील. आपल्या घरातील आजी, आत्या किंवा शेजारची वृद्ध बाई हळदीला, डोहाळजेवणाला, बारशाला जी गाणी म्हणते, ती कोण लिहिणार? रोजगारासाठी इंदूर, बडोदे, हैदराबाद येथे स्थायिक झालेल्या मराठी घरांत तर ही गाणी भाषेबरोबर विसरली जाण्याची भीती अधिक आहे. त्यासाठी कोणी मोठा विद्वान लागत नाही. सोपानदेवांनी केले ते आईचे शब्द ऐकून लिहिण्याचे साधे काम होते. ज्याला अक्षर आले आहे, त्याला ते करता येईल, मग ते अक्षर कोणत्याही वयात आलेले असो. एक वही घ्यावी. गाणे जसे म्हटले जाते तसेच, त्याच बोलीत, शब्द ‘शुद्ध’ न करता लिहावे. ते कोणत्या प्रसंगी म्हणतात हे लिहावे, आणि गाणारीचे नाव व गाव विसरू नये. शक्य असल्यास मोबाइलवर आवाजही टिपावा. लिहिण्यापूर्वी तिची संमती मात्र घ्यावी, कारण ते गाणे तिचे आहे.