पोर्टफोलिओ आधी की काम आधी? अमरावतीच्या जागीरदारांची गोष्ट

गेल्या आठवड्यात राजकमल चौकात चहा घेत उभा होतो. ओळखीचे एक काका जवळ आले. बारावी झालेल्या पोराला सिनेमात जायचंय. गावात येऊन गेलेल्या कुठल्याशा अभिनय वर्गानं ४५ हजार घेतले. दोन दिवस शिकवलं, एक दिवस फोटो काढले आणि "मालिकेत काम पक्कं" असं सांगून गेले. चार महिने झाले, आता फोन उचलत नाहीत. "भाऊ, पेपरात काही देता येते का?" मी पावती मागितली. पावतीच नाही.

बातमीचं बघतोच आहे. पण मी त्या पोराला सहज विचारलं, गजानन जागीरदार हे नाव ऐकलंस का? त्यानं मान हलवली. काकांनीही ऐकलं नव्हतं. दोष त्यांचा नाही. आपण या गावात हे नाव घेतोच किती?

जागीरदार १९०७ साली आपल्या अमरावतीत जन्मले. १९४१ साली प्रभातनं 'शेजारी' काढला, हिंदीत 'पडोसी'. दिग्दर्शक व्ही. शांताराम. हिंदू-मुसलमान शेजाऱ्यांची गोष्ट. हिंदीत हिंदू शेजारी झाले मझहर खान आणि मुसलमान मिर्झा झाले जागीरदार. त्या काळात हे करणं सोपं नव्हतं, आजही नाही.

त्याच सुमारास ते आचार्य अत्र्यांसाठी 'पायाची दासी' आणि 'वसंतसेना' दिग्दर्शित करत होते. मग १९४४ चा प्रभातचा 'रामशास्त्री'. नारायणराव पेशव्यांच्या खुनाबद्दल राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगणारा न्यायाधीश पडद्यावर जागीरदारांनी उभा केला, आणि दिग्दर्शनातही त्यांचा वाटा होता. आम्ही पत्रकार मंडळी ऊठसूट 'रामशास्त्री बाणा' लिहितो. त्या बाण्याला पडद्यावर चेहरा देणारा माणूस आपल्या गावचा, हे मात्र आम्हीच लिहायचं विसरतो.

आता मुद्द्याचं. १९६० साली पुण्यात प्रभातच्याच जागेवर सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. तिचे पहिले प्रमुख कोण? जागीरदार. आज देशभरातली पोरं जिथं प्रवेशासाठी धडपडतात, तिथला पहिला माणूस अमरावतीचा!

त्यानंतर ते मोठेपण कुरवाळत बसले का? नाही. १९६५ च्या 'गाईड'मध्ये ते भोला झाले, देव आनंदच्या राजूला स्वामी मानणारा साधा गावकरी. रोल छोटा की मोठा, हा हिशेब नाही. घरातल्या आई-मावशीला दूरदर्शनवरची 'स्वामी' मालिका आठवते का विचारा. ती १९८७ ची, दिग्दर्शक जागीरदारच. वय ऐंशी! पुढच्याच वर्षी ते गेले.

या सगळ्यात 'हिरोचा चेहरा' कुठं दिसला? मला तर दिसतो तो कामाचा सराव. अभिनय करायचा, दिग्दर्शन करायचं, नवी पोरं घडवायची जबाबदारी घ्यायची, पुन्हा लहान भूमिकेत उभं राहायचं. पन्नासेक वर्षांची ही मजुरी आहे. ती तीन दिवसांच्या वर्गात मिळत नाही आणि फोटोच्या अल्बममध्ये तर नाहीच नाही.

सगळे वर्ग खोटे असतात असं मी म्हणत नाही. मनापासून शिकवणारी माणसं मला माहीत आहेत. पण पैसे देण्याआधी तीन गोष्टी विचारा. शिकवणार कोण आणि त्यानं स्वतः काय काम केलंय? रोज काय शिकवणार, ते लिहून देता का? पक्की पावती देता का? आणि जो 'काम पक्कं' म्हणेल, त्याच्या दारातूनच परत फिरा. भूमिकेची हमी कोणीच देऊ शकत नाही.

पोराला मी एवढंच सांगितलं, आधी कॉलेजच्या एकांकिकेत उभा राहा. युवा महोत्सवात पडदा ओढायचं काम मिळालं तरी घे. 'रामशास्त्री' शोधून बघ. काकांना सांगितलं, त्याला हसू नका. अमरावतीचं पोर इथून तिथवर गेलेलं आहे.

शाळा-कॉलेजवाल्यांना एक विनंती. गॅदरिंगच्या आदल्या दिवशी 'रामशास्त्री' दाखवा ना एकदा. खर्च फारसा नाही.

आणि तुमच्याही पोरांचे असे पैसे गेले असतील तर लाजू नका, मला इनबॉक्समध्ये कळवा. चार जण पुढे आले तर बातमी उभी राहते.