पट्टेरी मासा आणि पावाचा तुकडा

सुट्टी लागली की पनवेल, विचुंबे परिसरातली कितीतरी कुटुंबे कोकण रेल्वेने कुडाळ आणि तिथून मालवण गाठतात. स्नॉर्केलिंगसाठी पाण्यात डोके घातले की समोर हमखास येतो तो वीतभराचा, पाच काळ्या पट्ट्यांचा मासा. डॅमसेलफिशच्या कुळातला हा 'सार्जंट मेजर'. पट्टे लष्करी हुद्द्याच्या फितींसारखे, म्हणून हे नाव.

या माशात पोरांची राखण बापाकडे असते. नर खडकाचा तुकडा तोंडाने साफ करतो, मादी त्यावर हजारो अंडी चिकटवून निघून जाते. अंडी फुटेपर्यंत नर जागचा हलत नाही. परांनी पाणी ढवळून अंड्यांना प्राणवायू पुरवतो, मोठ्या माशांच्याच काय, पाणबुड्यांच्याही अंगावर धावून जातो. या दिवसांत त्याचा रंगसुद्धा गडद निळसर होतो. अंडी फारच थोडी उरली तर मात्र तोच ती गिळून टाकतो. तेवढ्यासाठी राबणे त्याला परवडत नाही!

म्हणूनच मासे जमावेत यासाठी पाव-बिस्किटे टाकण्याची सवय निरुपद्रवी नाही. शेवाळ आणि प्लवकांवर जगणाऱ्या माशांचे ते अन्न नव्हेच. शिवाय पावाला जमलेल्या झुंडीला शेजारची अंडीही आयतीच सापडतात, आणि झुंडीपुढे एकट्या नराचा निभाव लागत नाही. मालवणचा हा सागरी पट्टा १९८७ पासून अभयारण्य आहे. ताडोबात कोणी हरणांना बिस्किटे फेकत नाही. इथे का चालावे? होडीवाल्यांनी पाव किनाऱ्यावरच ठेवावा, पर्यटकांनीही तो मागू नये.